उसना सूर

झांजूर देशात दोन सूर्य उगवत असत, तेव्हाची ही गोष्ट. तिथल्या एका भट्टीतली ऐरण गायची, आणि तिच्यावर घडलेली प्रत्येक वस्तू गाऊ लागायची. अगदी नांगराचा फाळसुद्धा.

एकदा राजाने कैद्यांसाठी बेड्या मागवल्या. कैदी हलला की बेडी गाणार, मग पहारा हवाच कशाला?

ऐरण भडकली. "माझ्या सुराने माणसं बांधायची? लाज कशी वाटत नाही?"

"आपण ठोकायचं," घण गुरकावला. "कुणाच्या पायात जाणार, ते आपण विचारायचं नाही."

"देते सूर," ऐरण धुमसत म्हणाली, "पण उसना."

बेड्या गोड वाजल्या. राजाने खूश होऊन पहारेकऱ्यांना घरी धाडलं. तिसऱ्या दिवशी भर दुपारी ऐरणीने सूर परत ओढून घेतला. मुक्या बेड्यांसकट सगळे कैदी चालत निघून गेले, आणि कुणाला चाहूलही लागली नाही.

राजा तणतणत भट्टीवर आला. "बेड्या कुणी ठोकल्या?"

सगळ्यांनी घणाकडे पाहिलं.

"मग वितळवा त्यालाच, आणि नव्या बेड्या करा!"

"अगं, मी कुणाच्या पायात जाणार?" घण कळवळला.

"ते आपण विचारायचं नाही," ऐरण म्हणाली.