तोंड फिरवून ओतलेले पाणी

फार फार वर्षांपूर्वी, डोंगरांना अजून नावेही पडली नव्हती तेव्हा, एका उंच पठारावर एक गाव होते. गावात दगडाला तोटा नव्हता आणि पाण्याचा मात्र ठणठणाट होता. एकुलता एक झरा, तोही डोंगराच्या पायथ्याशी. तिथली पोरे चूळ भरतानासुद्धा मोठ्यांच्या तोंडाकडे बघून भरायची.

त्या गावात एक पाणक्या राहत असे. दिवसभर खालच्या झऱ्यावरून घागरी भरायच्या, खांद्यावर घेऊन डोंगर चढायचा आणि दारोदार पाणी घालायचे, हा त्याचा धंदा. माणूस मोठा हुशार. अंधारात नुसता आवाज ऐकून तो सांगायचा, कोणाचा रांजण किती भरलाय. "काकू, चार बोटं राहिलं," म्हणायचा आणि खरोखर चारच बोटे राहिलेली असायची.

त्याच्या लग्नाला दोन-तीनच वर्षे झाली होती. दोघे गवती छपराच्या खोपटात राहत. दर पावसाळ्यात छप्पर गळायचे आणि दोघे एका कोपऱ्यातून दुसऱ्या कोपऱ्यात अंथरूण ओढत हिंडायचे. बायकोला हौस एकच होती. तिने ती त्याला पहिल्याच वर्षी सांगून टाकली होती.

"मला दागिना नको की काही नको. दगडी घर असावं, पुढं ओटा असावा आणि दिवेलागणीला आपण दोघांनी त्या ओट्यावर निवांत बसावं. एवढंच."

आता त्या गावात घर मिळवायची रीत मोठी और होती. गावातला सगळा कातळ नाईकांचा. कोणाला घर हवे असले की नाईक कातळ फोडायला लावत. निघालेल्या दगडाचे घर उभे राही, आणि दगड काढल्यावर मागे जो खड्डा उरे तेच त्या घराचे टाके. घर जेवढे मोठे, तेवढे टाके खोल. घरात आजच राहायला जायचे. पण टाके काठोकाठ भरून दिले की मगच घर आपले. टाक्यावर दगडी झाकण आणि झाकणाला घागरीच्या तोंडाएवढे भोक. त्यातून रोज पाणी ओतायचे.

आणि ओतताना तोंड फिरवायचे. ही गावची जुनी समजूत. टाके भरेपर्यंत त्यावर नजर पडली तर पाणी आटते, असे सगळे मानत. त्यामुळे आत उतरायचा नाईकांचा माळी तेवढा. बाकीचे डोंगराकडे बघत घागर रिकामी करत आणि घरी जात. अशी गंमत होती खरी. आयुष्यभर जे भरायचे, तेच तेवढे बघायचे नाही!

नाईक वाईट माणूस नव्हते, हे आधीच सांगून ठेवतो. गोष्टीत एखादा दुष्ट सापडला की आपल्याला बरे वाटते, पण इथे तो नाही. पाणक्या बायकोला घेऊन त्यांच्याकडे गेला तेव्हा नाईकांनी सगळे स्पष्ट सांगितले.

"तुझ्या टाक्याला बारा पायऱ्या असतील. टाकं भरेपर्यंत कातळ माझाच, तेव्हा माझ्या बागेचा त्यावर हक्क. जितक्या पायऱ्या कोरड्या, तितके तांबे पाणी माझा माळी रोज सकाळी उपसून नेणार. पायरी भिजली की एक तांब्या कमी. आता तू सांग, रोज किती घालशील? एक घागर की दोन?"

"एका घागरीत चालेल?" पाणक्याने विचारले.

"चालेल की. माझी काही घाई नाही," नाईक म्हणाले.

परत येताना बायको वाटेत थांबली. "अहो, दोन घालू या. दुसरी मी आणत जाईन. आत्ता अंगात ताकद आहे. थोडी वर्षं कष्ट काढू आणि मोकळे होऊ."

पाणक्या हसला. "वेडी की काय तू? माझी बायको डोक्यावर घागर घेऊन डोंगर चढणार? लोक काय म्हणतील? आणि एक घागर म्हणजे काय गं, दिवसाला मी किती घागरी वाहतो! त्यात एक कुठं जाईल तेही कळायचं नाही."

हे तो प्रेमापोटीच म्हणाला होता. तिलाही ते कळले. मात्र त्या रात्री तिने आपल्या लुगड्याच्या काठाची एक मऊ चुंबळ वळली, त्याच्या खांद्याला घागर रुतू नये म्हणून. नंतर वळली तशीच एक स्वतःसाठीही, आणि ती खुंटीला टांगून ठेवली.

हुशार पाणक्याने एक साधी गोष्ट केली नाही. त्याच्या घागरीत चौदा तांबे पाणी मावायचे, हे त्याला झोपेतही सांगता आले असते. पायऱ्या बारा, त्याही सगळ्या कोरड्या. म्हणजे संध्याकाळी चौदा तांबे ओतायचे आणि सकाळी माळ्याने बारा न्यायचे. टाक्यात उरायचे ते दोन तांबे. दुसरी घागर घातली असती, तर ती सगळीच्या सगळी टाक्यात राहिली असती. पण त्याने घागर किती जड हे पाहिले आणि टाके किती भरते हे पाहिलेच नाही.

दगडी घर झाले. ओटा झाला. शेजारीपाजारी बघायला आले आणि बायकोने सगळ्यांच्या हातावर गूळ ठेवला. पहिल्या पावसाळ्यात एक थेंब गळला नाही, तेव्हा ती आनंदाने रडली.

पण दिवसभर गावाला पाणी घालून झाल्यावर पाणक्याला आपली घागर आणायला पुन्हा डोंगर उतरावा लागे. तो निघायचा तेव्हा ऊन कलंडलेले असायचे आणि परतायचा तेव्हा गावात निजानीज झालेली असायची. दिवेलागणीला ओट्यावर बायको एकटीच बसलेली असे. समोर नाईकांची बाग दिसे. केळी, पोफळी, मोगऱ्याचे ताटवे, सगळे कसे हिरवेगार.

"नाईकांच्या बागेवर देवाचा हात आहे बघा," ती त्याला म्हणायची. तोही मान हलवायचा.

कधी कधी ती त्याच्याबरोबर टाक्यापर्यंत जायची. तो तोंड फिरवून घागर ओतायचा आणि पाणी पडल्याचा आवाज खूप खालून यायचा. एकदा ती हळूच म्हणाली, "अहो, आवाज अजून तळातूनच येतोय."

"टाकं मोठं आहे. वेळ लागायचाच," तो म्हणाला.

ज्याला दुसऱ्याच्या रांजणाची चार बोटे ऐकू यायची, त्याला स्वतःच्या टाक्याचा आवाज ऐकू येत नव्हता असे थोडेच आहे? येत होता. रोज येत होता. ऐकले तर काहीतरी करावे लागले असते, म्हणून तो ऐकत नव्हता.

अशी दहा वर्षे गेली. पाणक्याच्या खांद्यावर घट्टा पडला, गुडघे कुरकुरायला लागले. "निम्म्यावर तर आलंच असेल आता," तो बायकोला सांगायचा. तिला ते खरे वाटत नव्हते. शेवटी एक दिवस तो झऱ्यावर गेलेला असताना तिने टाक्याजवळ जाऊन झाकणाच्या भोकाला डोळा लावला. दुपारचे ऊन तिरपे आत पडले होते.

संध्याकाळी तो घागर भरायला निघाला तेव्हा ती दारात उभी राहिली.

"दोन पायऱ्या भिजल्यात," ती म्हणाली. "दहा कोरड्या आहेत."

आधी त्याला राग आला. "तू डोकावलीस? दृष्ट लावलीस पाण्याला? म्हणूनच आटलं असेल ते!"

"मी आज बघितलं हो," ती शांतपणे म्हणाली. "आज बघितल्यानं दहा वर्षांचं पाणी आटत नाही."

तो तडक नाईकांकडे गेला. नाईकांनी त्याला बसायला पाट दिला, गूळपाणी दिले आणि म्हणाले, "अरे, हे तर मी पहिल्याच दिवशी सांगितलं होतं. जितक्या पायऱ्या कोरड्या, तितके तांबे. माळ्यानं एक तांब्या जास्त नेला असेल तर सांग, मी भरून देतो."

माळ्याने एकही तांब्या जास्त नेला नव्हता. पाणक्या मान खाली घालून उठला. बागेतून जाताना मोगऱ्याचा वास आला आणि त्याला पहिल्यांदाच कळले की ही बाग आपणच शिंपत आलो.

घरी आला तर बायको खुंटीवरची जुनी चुंबळ झटकत होती.

"आता नाही म्हणू नका," ती म्हणाली.

या वेळी तो नाही म्हणाला नाही. त्याच्या गुडघ्यांत दुसऱ्या घागरीचे बळ राहिले नव्हते. तेव्हापासून दोघे रोज संध्याकाळी बरोबर डोंगर उतरत आणि बरोबर चढत. तो पुढे, ती मागे. चढावर तिला धाप लागायची, मग ती झाडाखाली थांबून म्हणायची, "तुम्ही व्हा पुढं, मी आलेच." त्याला माहीत होते की तिला खोकला सुटलाय. खोकला त्याला दिसू नये म्हणून ती मागे राहते, हेही माहीत होते.

टाके मात्र भराभर चढू लागले. दहा वर्षांत दोन पायऱ्या भिजल्या होत्या; तिच्या घागरीने तीनच वर्षांत आणखी पाच भिजवल्या. आता पाणी पडल्याचा आवाज वर आला होता. तो आवाज ऐकून ती खुदकन हसायची.

"बघा, मी म्हटलं होतं ना," एवढेच म्हणायची. त्यात टोमणा नसे, आणि म्हणूनच त्याला ते फार लागायचे.

चौथ्या वर्षी थंडीत ती अंथरुणाला खिळली. वैद्य आले, काढे झाले. अंगात उरलेच काय होते! एका संध्याकाळी तिने त्याचा हात धरला. "आज नका जाऊ. आज ओट्यावर बसू."

पाणक्या घुटमळला. एक दिवस पाणी चुकले तरी माळी आपले तांबे नेतोच आणि ते भरून निघत नाहीत, हे आता त्याला पक्के ठाऊक झाले होते. "पटकन जाऊन येतो," तो म्हणाला. "आता थोडंच राहिलंय. मग रोज बसायचंच आहे ना."

तो घागर घेऊन वर आला तेव्हा ओट्यावर शेजारणी जमल्या होत्या. त्याला बघून त्यांनी वाट करून दिली. त्याने घागर तशीच खांद्यावर धरून ठेवली होती, ती कोणीतरी उतरवून घेतली.

दुसऱ्या दिवशी नाईकांकडून फुले आली. परडीभर मोगरा, ताजा, पाणीदार. माणुसकीने पाठवली होती. पाणक्याने ती तिच्यावर वाहिली आणि लहान मुलासारखा हमसून हमसून रडला.

पुढे टाके भरायला आणखी पाच-सहा वर्षे लागली, एकाच घागरीने. एक दिवस घागर ओतता ओतता पाणी भोकातून बाहेर उसळले आणि त्याच्या पायावर आले. नाईक स्वतः आले, दाराला त्यांनी आंब्याचे डहाळे बांधले आणि म्हणाले, "घर तुझं झालं रे बाबा."

त्या संध्याकाळी पाणक्या ओट्यावर बसला. इतक्या वर्षांत दिवेलागणीला तो पहिल्यांदाच तिथे बसत होता. उजेड हळूहळू उतरला, घराघरांत दिवे लागले, चुलींचा धूर वर आला. ती रोज एकटी हे बघत होती तर. मनातल्या मनात त्याने हिशेब केला. टाक्यात मावले एक टाके पाणी, आणि तेवढ्यासाठी वाहून आणले जवळजवळ दोन टाकी. त्या जास्तीच्या टाक्याची बाग समोर डुलत होती. पाणी तरी मोजता आले. हातून गेलेल्या साऱ्या संध्याकाळी कोणत्या तांब्याने मोजणार? त्याने शेजारच्या मोकळ्या जागी तिची चुंबळ ठेवली आणि काळोख पडेपर्यंत तो तसाच बसून राहिला.

काही दिवसांनी गावातले एक नवे जोडपे नाईकांकडे निघाले. मुलगा मोठ्या उत्साहात होता. "रोजची एकच घागर बाबा, त्यात काय एवढं?" तो पाणक्याला म्हणाला.

पाणक्या उठला, त्या दोघांना आपल्या टाक्यापाशी घेऊन गेला. दगडी झाकण त्याने पहारीने उचलून बाजूला सारले. गावचे लोक धावत आले. "अरे, काय करतोस! दृष्ट लागेल पाण्याला!"

"माझं आटलं ते न बघितल्यानं, बघितल्यानं नाही," पाणक्या म्हणाला. मग त्याने त्या मुलीकडे वळून विचारले, "पोरी, तुझं काय म्हणणं आहे? एक की दोन?"

मुलगी लाजून म्हणाली, "दोन. नाहीतर लहान घर."

"मग तिचं ऐक," तो मुलाला म्हणाला, "आणि आधी या टाक्यात वाकून बघ. पायऱ्या मोज, तांबे मोज, किती संध्याकाळी जातील तेही मोज. मग नाईकांकडे जा."

त्या गावात आता झाकण उघडल्याशिवाय कोणी घराला हो म्हणत नाही. ओतताना तोंडही कोणी फिरवत नाही. आणि भर दिवेलागणीला तिथल्या ओट्यांवर माणसे जोडीने बसलेली दिसतात. एका ओट्यावर मात्र एक म्हातारा असतो आणि त्याच्या शेजारी लुगड्याच्या काठाची जुनी चुंबळ असते.

तात्पर्य : घर घेताना रोजची घागर किती हलकी हे पाहू नये; टाके भरेपर्यंत आयुष्यातले किती पाणी जाणार, हे आधी वाकून पाहावे.