मे महिन्यातली नोटीस

कोवेबाईंची मुख्याध्यापकपदाची फाइल अकरा वर्षं फिरत होती. कोर्टाने ती दोनदा ‘फेरविचार करावा’ म्हणून शिक्षणाधिकाऱ्यांकडेच परत पाठवली. निवृत्तीला दोन महिने उरले, तेव्हा कुठे सुनावणी लागली.

शिक्षणाधिकारी निमकरसाहेबांनी फाइल न उघडताच निकाल सांगितला. “बाई, नोकरीच्या पहिल्याच मे महिन्यात तुम्ही सेवेत नव्हतात. सेवेत खंड पडला, म्हणून ज्येष्ठता गेली.”

बाईंच्या अंगात भांडायचं त्राण उरलं नव्हतं. त्यांनी पिशवीतून एक पिवळा पडलेला कागद काढून पुढे सरकवला.

“साहेब, त्याच मे महिन्यात मतदारयादीच्या कामाला उशिरा आले, म्हणून तुमच्या कार्यालयाने मला ही नोटीस दिली. मी सेवेतच नव्हते, तर दटावलंत कुणाला?”

कारकुनाने हसू लपवायला मान खाली घातली. साहेबांनी कागद उलटसुलट केला, चष्मा पुसला, आणि नाइलाजाने ज्येष्ठता मान्य केली.

पदोन्नतीचा आदेश निघाला, तोवर बाईंना निवृत्त होऊन पंधरवडा झाला होता. शिपाई तो घरी घेऊन आला. बाईंनी त्याच्या पोचवहीत सही केली. सहीखाली हुद्दा लिहायचा होता. त्या बराच वेळ पेन धरून बसल्या, आणि जागा मोकळीच ठेवून वही परत दिली.