गोंगाटाचं गिऱ्हाईक

फार जुनी गोष्ट आहे. इतकी जुनी, की तेव्हा मुलं धूळपाटीवर बोटानं अक्षरं गिरवत.

डोंगराच्या पायथ्याशी एक गाव होतं. पाटलांनी आपला गोठा रिकामा करून तिथं शाळा बसवली आणि दूरच्या गावाहून एक गुरुजी आणले. गुरुजी विद्वान, मनानं प्रेमळ; पण बिचाऱ्यांची झोप उडाली होती. कारण एकच, म्हादू.

गुरुजींनी पाढा सुरू केला, की म्हादू कोंबड्यासारखा आरवे. गुरुजींची पाठ वळली, की शेजाऱ्याच्या शेंडीला गवताची काडी बांधे.

"म्हाद्या, ऊठ! म्हाद्या, अंगठे धर!" सकाळपासून गुरुजींच्या तोंडी हाच मंत्र. म्हादू अंगठे धरी आणि पायांच्या फटीतून मागच्यांना वेडावून दाखवी. पोरं खदखदून हसत. हळूहळू दुसराही आरवू लागला, मग तिसरा.

एके दिवशी पाटील दारात येऊन उभे राहिले. आतला धिंगाणा बघून म्हणाले, "गुरुजी, यापेक्षा माझी गुरं बरी. निदान रवंथ तरी गुपचूप करतात."

"थोडा अवधी द्या, पाटील."

"दिला. सुगी संपेपर्यंत. नाही जमलं, तर तुम्ही तुमच्या वाटेनं जा आणि माझी गुरं परत त्यांच्या गोठ्यात."

गुरुजींनी दुसऱ्या दिवशी नवी छडी आणली. आणि नेमकं त्याच दिवशी आक्रीत घडलं. कोपऱ्यात बसणाऱ्या एका मुलीनं आपली धूळपाटी उचलली आणि भर वर्गात उपडी केली. सगळी धूळ गुरुजींच्या धोतरावर!

ही पोर कधी चुळबुळसुद्धा न करणारी. गुरुजींनी छडी उगारली, "काय गं ए..." म्हणाले आणि तिथंच अडले. नाव आठवेना. आठवेना कसलं, ठाऊकच नव्हतं.

"गोदी," तिनंच सांगून टाकलं. "मी रोज सगळं बरोबर लिहिते, गुरुजी. पण तुम्ही सारखे म्हादूकडेच. म्हटलं, आज आपणही काहीतरी सांडून बघावं."

छडी आपोआप खाली आली.

गुरुजींना पेठेतला गूळवाला आठवला. दुकानापुढं रडणाऱ्या पोराच्या हातावर तो दयेनं गुळाचा खडा ठेवी. होता होता दुकानापुढं रडणाऱ्यांचीच रांग लागली. बाजारात जे खपतं, तेच लोक पिकवतात! गुरुजी मनात म्हणाले, 'या शाळेत गोंगाटाचं सगळ्यांत मोठं गिऱ्हाईक मीच.'

दुसऱ्या दिवशी म्हादू आरवला, तेव्हा गुरुजी गोदीच्या पाटीवर वाकले होते. "वा गोदी, काय गोलाई साधलीस!" म्हादू आणखी जोरात आरवला. गुरुजी पुढच्या मुलाकडे वळले.

माल खपेनासा झाला, की विकणारा आधी आरोळीच वाढवतो. म्हादू गव्हाणीवर चढला, घसा बसेपर्यंत ओरडला. गुरुजींचा हात पुन्हा पुन्हा छडीकडे जाई, पण त्यांनी तो आवरला. म्हादू कुणाच्या अंगावर धावून गेला, तर तेवढ्यापुरतं ते त्याला मुकाट्यानं उचलून आपल्याशेजारी बसवत. ओरडा नाही, अंगठे नाहीत. हसणाऱ्यांनाही मग तमाशात गोडी उरेना.

एका दुपारी कंटाळून म्हादूनं बोट धुळीत टेकवलं. सातचा पाढा पस्तिसापर्यंत आला आणि थबकला. गुरुजी त्याच्याजवळ मांडी घालून बसले.

"म्हादू, इथवर अगदी बरोबर. पुढचं दोघं मिळून काढू."

म्हादूनं चमकून वर पाहिलं. गुरुजींनी 'म्हाद्या' म्हटलं नव्हतं. तो पुटपुटला, "पुढचं येत नाही म्हणून तर आरवायचो, गुरुजी. मग कुणी विचारत नाही ना."

गुरुजींनी त्याच्या पाठीवर हात ठेवला. "वेड्या, आरवायच्या आधी मला सांगावंस की!"

सुगी संपली. पाटील गुरं घेऊनच दारात आले. आत पाढा चालला होता. एक बैल मान आत घालून हंबरला, तसा म्हादू उठला, दाराशी आला आणि तोंडावर बोट ठेवून म्हणाला, "पाटीलकाका, त्याला गप करा. अजून अकराचा पाढा राहिलाय."

पाटलांनी मुकाट्यानं गुरं वळवली. त्या साली त्यांना नवा गोठा बांधावा लागला.

तात्पर्य : शिकवणाऱ्याचं लक्ष ज्यावर खर्च होतं, तेच वर्गात वाढतं, म्हणून खोडीआधी मूल पाहावं.