येसूबायच्या चौसष्ट चटया

खाडीवर होडीशिवाय वाट नव्हती, तेव्हाची, फार वर्षांपूर्वीची ही गोष्ट. खाडीच्या कडेला मिठागरांचं एक गाव होतं. एका वर्षी असं उधाण आलं, की सगळे बांध फुटले आणि कुणाचं आगर कुठलं हेच कळेना. मग गावचे म्हातारे राघो पाटील यांनी चाळीस काठ्या लांबीचा एक दोर वळला आणि म्हणाले, "ज्याच्या त्याच्या आगराला हाच दोर वेढायचा. मग कुणाला कमी नाही, कुणाला जास्त नाही."

सगळ्यांना ते पटलं.

गावातल्या जोमाचं आगर चौरस झालं, दहा काठ्या लांब, दहा काठ्या रुंद. त्याचा धाकटा भाऊ हशा याला खाडीलगतची पट्टी मिळाली, सोळा काठ्या लांब आणि चारच रुंद. दोर दोघांनाही बरोबर पुरला.

पण मीठ पिकलं तेव्हा हशाची रास लहान भरली. दुसऱ्या वर्षीही तसंच. हशा भावाकडे संशयानं बघू लागला. आणि गाव बघू लागलं हशाच्या बायकोकडे. येसू तिचं नाव, खाडीच्या वरच्या अंगाला असलेल्या, चटया विणणाऱ्यांच्या गावातून आलेली.

"पांढऱ्या पायाची हाय ती," बाया म्हणू लागल्या. "आगरात उतरते नि मीठ विरघळतं."

शेवटी पंचांनी ठरवलं, तिला कायमची माहेरी धाडायची.

आपल्या पायांत खरंच काही आहे का, असं येसूलाही वाटू लागलं. पण हातांना चटईची सवय होती. किती चटयांत केवढी ओटी झाकते, हे तिनं लहानपणापासून पाहिलं होतं. ती पाटलांपुढे गेली नि म्हणाली, "बाबा, पाऊस सरेपर्यंत ठेवा मला. मग जाईन."

पाटलांनी होकारार्थी मान डोलावली.

पावसाळाभर ती विणत राहिली. प्रत्येक चटई काठीभर लांब, काठीभर रुंद. असं म्हणतात, की शेवटी विणायची पाती संपली तेव्हा खाडीनंच तिच्या दारात पात्यांचे भारे आणून टाकले.

दसरा झाला आणि सारं गाव बांधावर जमलं. येसूनं आपल्या पट्टीत चटया अंथरल्या. एका ओळीत सोळा, अशा चार ओळी. चौसष्ट चटयांत आगर झाकून गेलं, बोटभर माती दिसेना.

मग त्याच चटया उचलून ती जोमाच्या आगरात गेली. इतक्यात कुणीतरी ओरडलं, "भरती आली! पळा!" बांधाचं तोंड उघडंच होतं. येसू हलली नाही. एका ओळीत दहा, दुसरीत दहा... सहा ओळी झाल्या. सातवीत चार चटया पडल्या नि तिचे हात रिकामे झाले. पुढं ओली माती उन्हात चकाकत पडली होती.

असं म्हणतात, की पाणी शेवटच्या चटईच्या काठाशी येऊन थांबलं, आणि तिचं बोलणं होईपर्यंत पुढं सरकलं नाही.

"दोर नुसता कडेनं फिरतो, बाबा," येसू म्हणाली. "मीठ कडेला पिकत नाय, मधल्या जागेत पिकतं. इथं अजून छत्तीस चटयांची जागा हाय."

जोमाच सगळ्यांत आधी पुढं झाला. त्यानं हशाला पोटाशी धरलं, नि येसूला म्हणाला, "पोरी, चुकलो."

गर्दीतून एक म्हातारी चाचरत म्हणाली, "माजं आगर बारा लांब नि आठ रुंद हाय गो."

येसूनं डोळे मिटले. "बारांच्या आठ ओळी. शहाण्णव चटया, आजी."

लोकांनी चटया नेऊन मांडून पाहिल्या. सगळ्या चौसष्ट मांडून झाल्यावर पहिल्या बत्तीस उचलून उरलेल्या जागेत पुन्हा घातल्या. बरोबर शहाण्णव! ना एक कमी, ना एक जास्त. लोक एकमेकांना विचारू लागले. न मांडता हिला दिसलं कसं?

पाटलांनी दोर खाडीत सोडला आणि आगरांची वाटणी नव्यानं झाली. पुढं खाडीकाठच्या गावोगावी येसूबायला बोलावणं येई. ती फक्त लांबी विचारी, रुंदी विचारी आणि आकडा सांगे. असं म्हणतात, की तिचा आकडा ऐकल्यावर भावाभावांत पुन्हा भांडण झालं नाही.

आजही त्या गावात वाटणी असली, की घरातल्या सगळ्यांत नव्या सुनेला मानानं आगरावर नेतात. ती ओळी मोजते आणि मोठ्यानं आकडा बोलते. मग पुरुष डोक्यावरचं फडकं काढतात, "येसूबायच्या नावानं" म्हणतात, आणि तेव्हा कुठं बांधावर पहिली माती पडते.