हौशीचं मागणं

गेनबा अंगणात फडक्यातून मध गाळत होता. रोजच्यासारखीच सकाळ होती. तेवढ्यात खालच्या वाडीची पारूबाई टेकडी चढून आली. तिचं बोट धरून एक चिमुकली मुलगी उभी होती.

"गेनबा, तुझी बहीण तापानं गेली रे. ही तिची हौशी. तुझ्याशिवाय हिला कुणी नाही."

गेनबाचा हात थांबला. रानात एकटा राहणारा माणूस तो. तो म्हणाला, "पारूबाई, मला माणसांशी बोलता येत नाही."

"मग जमेल की तुमचं! आई गेल्यापासून हीसुद्धा बोलत नाही."

हौशी खरंच बोलेना. गेनबानं भाकरीवर मध घालून दिला. तिनं निमूट खाल्लं. ही कधी बोललीच नाही तर? हाच घोर घेऊन तो मध काढायला निघाला. हौशी मागोमाग गेली.

रान कोवळ्या उन्हात झळाळत होतं. गवतात इवली इवली जांभळी, पिवळी फुलं डुलत होती. पोळं कापताना पिल्लांचा भाग झाडावरच ठेवायचा, ही मध काढणाऱ्यांची रीत. पण आज गेनबाचं लक्षच नव्हतं. त्यानं अख्खं पोळं कापलं! माश्या खवळून त्याला डसल्या. तो झाडाखाली कोसळला. त्याचा श्वास अडकू लागला.

हौशीनं पाहिलं, माश्या खाली पडलेल्या पिल्लांभोवती घोंघावत होत्या. वेणीची लाल रिबीन सोडून तिनं पोळ्याचा तो पिल्लांचा तुकडा हळूच खालच्या फांदीला बांधला. माश्या शांत झाल्या. पोळ्यातून लखलख उजेड फुटला आणि अंगठ्याएवढी परी बाहेर आली. तिचे पंख मधासारखे सोनेरी होते.

"माझी बाळं वाचवलीस, राणी. एक मागणं माग. पण मोठ्यानं बोलून मागायचं. आणि गेलेलं माणूस मला आणता येत नाही, बरं का."

हौशीला तेच तर मागायचं होतं. पलीकडे गेनबा धापा टाकत होता.

"मामा!" ती ओरडली. "माझ्या मामाला बरं कर!"

परी हसली. सोनेरी कण भिरभिरत गेनबावर पडले, आणि त्या झगमगाटात परी विरून गेली. गेनबाची सूज उतरली. त्यानं छातीभर श्वास घेतला.

"कोण ओरडलं गं?"

"मी. मामा, पिल्लं का कापलीस?"

"चुकलंच माझं."

"आणि तुझी भाकरी करपलेली असते."

गेनबा खदखदून हसला. घरी पोचेपर्यंत हौशी बोलत राहिली आणि तो उत्तरं देत राहिला. आईसाठी, बहिणीसाठी रडायचं मात्र दोघांचंही अजून राहिलं होतं.