बर्फाखालची पानं

एकदा एक चहावाला बर्फवाल्याच्या दारी शिकायला गेला, आणि गावात हसू झालं.

होणारच. तापीकाठच्या त्या तालुक्याच्या गावात सदोबाच्या चहापुढे दुसऱ्या कुणाचं नाव निघत नसे. बत्तीस वर्षं बाजाराच्या कोपऱ्यावर त्याची भट्टी धडधडत होती. पितळी पातेलं, ठेचलेलं आलं, आणि तीनदा वर येऊन तीनदा खाली बसल्याशिवाय चहा कपात उतरायचा नाही. "न उकळलेला चहा आणि न रागावणारा बाप, दोन्ही बिनकामाचे," असं तो गिऱ्हाइकांना ऐकवायचा. गिऱ्हाइकं माना डोलवायची. चहा चांगला असला की माणसं कशालाही मान डोलावतात.

असा हा सदोबा चैत्र सरता सरता, भर दुपारी, डोक्याला उपरणं गुंडाळून बर्फवाल्या म्हाताऱ्याच्या ओसरीवर उभा राहिला. हातात कागदाचं एक पाकीट, तळाशी मूठभर पानं उरलेलं.

म्हातारा ऐंशीच्या पुढचा. धंदा आता मुलगा बघत होता, पण गोदामाचं दार उघडलं की लाकडी भुशाचा आणि ओल्या गोणपाटाचा वास यायचा, त्या वासाशिवाय म्हाताऱ्याला चैन पडत नसे. म्हणून तो दिवसभर दारातच बसलेला.

"कोण, सदोबा?" म्हातारा डोळे बारीक करून म्हणाला. "वाट चुकलास का रे? आग तिकडे आहे, बाजारात."

"आबा, शिकायला आलोय."

"काय शिकायला? मरायला? ते शिकवावं लागत नाही."

"बर्फातला चहा. ह्या हिरव्या पानांचा."

म्हाताऱ्याने पाकीट घेऊन वास घेतला. मग म्हणाला, "मला चहातलं कळत नाही. बर्फातलं कळतं. बस. पण आधी सांग, तुझ्यासारख्याला हा पाला कशाला हवा?"

सदोबाला सांगावं लागलं. सांगताना तो म्हाताऱ्याकडे बघत नव्हता, भुशाकडे बघत होता.

त्याला एकच मुलगी, रेणू. बायको गेल्यावर घरात दोघंच. पोरगी शेतकी कॉलेजात शिकली आणि तिला लांब, निलगिरीच्या डोंगरात चहाच्या कारखान्यात नोकरी लागली. ते सांगायला ती एका उन्हाळ्यात दुकानात आली, तेव्हा हातात काचेचा ग्लास होता. फिकं हिरवं पाणी, वर बर्फाचे खडे, पुदिन्याचं एक पान. म्हणाली, "अण्णा, हाही चहाच. माझ्या हातचा. प्या ना." सदोबाने एक घोट तोंडात घेतला, चूळ भरल्यासारखा थुंकला आणि भर गिऱ्हाइकांत ग्लास गटारात उपडा केला. "हे म्हशीला पाज. चहा इथे मिळतो." सगळे खदाखदा हसले. रेणूही हसली. तिने ग्लास विसळला, फळीवर जागच्या जागी ठेवला, आणि दुसऱ्या दिवशी सकाळच्या एसटीने गेली.

त्याला तीन आखाज्या झाल्या. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, खानदेशात लेकी माहेरी येतात, कडुनिंबाला झोके बांधले जातात, गल्लीत गाणी चालतात. सदोबाच्या दारचा कडुनिंब तीन वर्षं रिकामा होता. रेणू मात्र दर गुढीपाडव्याला एक पाकीट धाडायची. चिठ्ठी नाही, काही नाही. नुसती पानं. आणि दर रविवारी फोन व्हायचा, तोही ठरलेला.

"पाकीट मिळालं?"

"मिळालं. कधी येतेस?"

"प्यालात का?"

"ते राहू दे. कधी येतेस ते बोल."

"बघू, अण्णा." आणि फोन बंद.

पहिली दोन पाकिटं फळीवर न फोडताच पावसाळ्यात बुरसली. या वर्षी मात्र सदोबाने पाकीट फोडलं. आखाजी दहा दिवसांवर आली होती, आणि गल्लीतल्या पोरी शेजारच्या झाडाला झोका बांधत होत्या, ते बघवलं नाही म्हणून फोडलं. आली तर तिच्या पुढ्यात तोच ग्लास ठेवायचा, असं त्याच्या मनात आलं. पानं पातेल्यात टाकली आणि तीन उकळ्या दिल्या. कडुनिंबाचा काढा झाला. दुसऱ्यांदा साखर वाढवली. तिसऱ्यांदा दूध घातलं, तर दुकानातल्या मांजराने तोंड फिरवलं. चौथ्यांदा उकळून वर बर्फ टाकला. कडू ते कडूच, फक्त गार कडू. आता मूठभर पानं उरली होती आणि अक्कल संपली होती.

म्हाताऱ्याने सगळं ऐकून घेतलं. "मूर्ख आहेस," म्हणाला, आणि उठला.

आतून त्याने काचेची एक बरणी आणि झाकलेलं डबडं आणलं. डबड्यात बर्फाचे खडे होते. सदोबाने गोदामातल्या लादीकडे बोट दाखवलं, तर म्हातारा खेकसला, "ती लादी माशांसाठी आणि मढ्यांसाठी. पोटात घालायचा बर्फ घरच्या माठातल्या पाण्याचा. साठ वर्षं बर्फ विकला म्हणून कोणताही बर्फ खात नाही मी."

मग त्याने उरलेली सगळी पानं, कोरडी, बरणीच्या तळाशी घातली. वर बर्फ रचला, बरणी भरेपर्यंत. पाणी घातलं नाही. एक थेंबही नाही. वर ओलं फडकं टाकून त्याने बरणी सावलीत सरकवली आणि पुन्हा आपल्या जागी बसला.

"आबा, पाणी राहिलं."

"बस खाली."

"मग भिजणार कशात?"

"बस म्हटलं ना."

सदोबा बसला. बत्तीस वर्षांत तो दुपारचा कधी रिकामा बसला नव्हता. हात शिवशिवायला लागले. बर्फ दगडासारखा जागच्या जागी. थोड्या वेळाने त्याने चमचा उचलून बरणीत घालायला घेतला, तर म्हाताऱ्याने हातावर चापट मारली.

"उन्हात तरी ठेवू का? लवकर होईल."

"ऊन म्हणजे तुझीच भट्टी, वर टांगलेली."

तेवढ्यात एक माणूस टेम्पो घेऊन आला. डोळे तांबारलेले, पायात दोन वेगवेगळ्या चपला. त्याचा बाप पहाटे गेला होता. धाकटा भाऊ परदेशात, उद्या दुपारपर्यंत पोचेल म्हणत होते. "बाबा, उद्या दुपारपर्यंत पुरेल एवढा द्या," तो म्हणाला.

म्हातारा स्वतः उठला. मुलाला बाजूला सारून त्याने जाड लाद्या निवडल्या, भुसा लावला, गोणपाटात गुंडाळल्या. "छातीशी जास्त ठेवा, पायाशी कमी. खाली परात लावा, पाणी खोलीभर होतं. आणि भाऊ येईपर्यंत तू दोन घास खा, नाहीतर तुलाच धरायला माणूस लागेल." तो माणूस वाकून पाया पडला. टेम्पो गेला. रस्त्यावर पाण्याची एक रेघ उमटत गेली आणि उन्हाने लगेच पुसली.

म्हातारा हातांचा भुसा झटकत जागेवर येऊन बसला.

मग म्हणाला, "साठ वर्षं हेच बघतोय, सदोबा. लोक येतात, म्हणतात, पोरगा पोचेपर्यंत पुरेल एवढा बर्फ द्या. कुणाचा पोचतो, कुणाचा नाही. मेलेला बाप वाट बघतो तेव्हा तक्रार करत नाही, ओरडत नाही, थंड पडून राहतो. जित्या बापाला मात्र ते जमत नाही." त्याने बरणीकडे हनुवटी केली. "तुझा धंदा विस्तवाचा. पान उकळलंस की त्याच्यातलं सगळं ओढून काढतोस, गोडही, कडूही. तुझ्या चहात ते झाकायला दूध-साखर आहे, म्हणून खपतं. ह्या पानाला काही झाकण नाही. ह्याला ओढायचं नसतं. ते देईल तेवढंच घ्यायचं, देईल तेव्हाच घ्यायचं. पोरगी तुला तीन वर्षं एकच विचारतेय, प्यालात का? तिला काय हवंय ते पोरगी सांगतेय, आणि तू आपलं कधी येतेस, कधी येतेस. उकळ्यावर उकळ्या. मग ती कडू होईल नाहीतर काय?"

सदोबाने बरणीकडे पाहिलं. बरणीत बर्फाचा वरचा खडा कलला आणि बारीक आवाज करून खाली बसला. तळाशी पानं उलगडली होती. गुंडाळून सुकलेली ती पानं आता पूर्ण पानासारखी दिसत होती, शिरांसकट, जणू कालच खुडली.

ऊन उतरता उतरता म्हाताऱ्याने ते पाणी गाळलं. जेमतेम अर्धा ग्लास झालं. वर लिंबाचे दोन थेंब पिळले. साखर नाही.

सदोबाने घोट घेतला. कडू नव्हतं. साखरेशिवाय गोड होतं, आणि भिजलेल्या गवताचा वास होता. दिवसभराचं ऊन घशातून खाली उतरून कुठेतरी नाहीसं झालं. दुसऱ्या घोटाआधी त्याने ग्लास उजेडात धरला. तीन वर्षांपूर्वी हेच होतं ग्लासात. पोरीने बर्फ जमवून, दुपारभर बसून, हे थेंब थेंब गोळा करून बापासाठी आणलं होतं, आणि बापाने ते चाखलंच नव्हतं. नुसतं तोंडात घेऊन थुंकलं होतं.

"रडतोस काय?" म्हातारा म्हणाला. "त्याच पानांवर अजून एकदा बर्फ घाल. दुसऱ्यांदाही देतात. तिसऱ्यांदा नाही."

रविवारी फोन आला.

"पाकीट मिळालं, अण्णा?"

'कधी येतेस' त्याच्या जिभेवर आलं होतं. गेली तीन वर्षं ते तिथेच बसलेलं. सदोबाने ते गिळलं.

"मिळालं. प्यालो."

फोन तुटला असं त्याला वाटलं.

"कसं केलंत?" रेणूने हळूच विचारलं.

"आधी चारदा उकळलं."

"अण्णा!" ती हसली. तिचं हसू त्याने तीन वर्षांत ऐकलं नव्हतं. "पातेल्यात? आलं घातलंत?"

"आलं नाही घातलं. दूध घातलं."

"देवा!"

"मग बर्फवाल्या आबांनी शिकवलं. कोरडी पानं, वर बर्फ. पाणी नाही. बसून राहायचं." त्याने फळीवरच्या ग्लासाकडे पाहिलं. "रेणू, गोड होतं गं. तेव्हाही गोडच असणार."

पलीकडून नाक ओढल्याचा आवाज आला. "लिंबू घातलंत?"

"दोन थेंब."

"बरोबर." आणि लगेच, "पानं उरलीत का?"

तिने धाडलेली पानं, आणि त्यातली निम्म्याहून जास्त त्याने जाळून टाकली. खोटं बोलावं, असं क्षणभर वाटलं. "नाही," तो म्हणाला. "संपली."

"तिन्ही पाकिटं?"

"दोन बुरसली. एक संपलं."

"मग आता?" ती म्हणाली, आणि मग आपल्याच मनाशी बोलल्यासारखी, "मीच आणते येताना."

सदोबाने 'कधी' म्हणायला तोंड उघडलं. आणि मिटलं.

"बरं," तो म्हणाला.

फोन ठेवला तेव्हा दुकानात गिऱ्हाईक ओरडत होतं, चहा उतू चाललाय म्हणून. सदोबाने आच कमी केली. फळीवरचा तो ग्लास खाली काढला, पुन्हा एकदा विसळला. मग माठातलं पाणी भांड्यात ओतून त्याने फ्रीजमध्ये बर्फ व्हायला ठेवलं. आखाजीला पाच दिवस होते.