केरूनानाची हाक

फार जुनी गोष्ट आहे. तेव्हा पडद्यावरची माणसं चालायची, रडायची, पण बोलायची नाहीत. त्या काळात आमच्या बोरवंडला जत्रेसाठी एक नाटक मंडळी आली. मंडळी कसली, दोन बैलगाड्या आणि दमलेली माणसं! जावं तिथं बायस्कोपचा तंबू आधीच उभा असायचा, आणि यांच्याकडे कुत्रंही फिरकायचं नाही. निम्मे नट कंटाळून घरी गेले होते. केरूनाना तेवढा राहिला होता. मिशा काढून, लुगडं नेसून तो आईचं काम करायचा, आणि असा रडायचा की ऐकणाऱ्याला आपली आई आठवावी.

पण गावोगावची धूळ खाऊन, ओल्या जमिनीवर झोपून नानाचा गळा पार बसला होता. वैद्यानं बजावलं होतं, "आता एक खेळ. मग हा आवाज संपला." नानाचं मागणं एवढंच होतं, की तो शेवटचा खेळ तरी माणसांनी ऐकावा.

मंडळीची रीत अशी, की रंगभूमीवर नारळ फुटला की खेळ शेवटापर्यंत करायचाच. त्या संध्याकाळी सखोबा मालकांनी, दमलेलेच ते, पडद्याबाहेर न बघताच नारळ फोडला. समोर चिटपाखरू नव्हतं. सारं गाव बायस्कोपात.

"नाना, राहू दे. मी देवाची माफी मागतो," मालक रडकुंडीला आले.

"देव करील हो माफ, मालक. मलाच राहवणार नाही," नाना म्हणाला आणि उभा राहिला.

रानात हरवलेलं लेकरू शोधणारी आई त्यानं रिकाम्या मैदानापुढं उभी केली. असं म्हणतात, त्याच वेळी तंबूतल्या पडद्यावरही एक आई लेकराला शोधत होती. तिनं तोंड उघडलं आणि तंबूभर हाक घुमली, "बाळा, कुठं रे तू?" मुकी बाई बोलली! बायका हुंदके देऊ लागल्या. यंत्र फिरवणाऱ्याचा हात थांबला, तरी चित्र हलत राहिलं, असंही म्हणतात.

"अगं बया, ह्यो तर मैदानातल्या नाटकवाल्याचा आवाज!" कुणीतरी ओरडलं, आणि गाव धावत सुटलं. पोचलं तेव्हा खेळ संपला होता. नाना लुगड्यातच बसला होता. "नाना, एकदाच हाक मारा," म्हणत लोकांनी पाय धरले. नानानं तोंड उघडलं. आवाज आला नाही. पुढं कधीच आला नाही.

आजही बोरवंडात कसलाही खेळ असो, घरटी एक माणूस जाऊन बसतं आणि संपेपर्यंत उठत नाही. तव्यावरची भाकरी सुनेवर सोपवून म्हातारी निघते, "जाऊन बसते गं. नाना एकटा असंल."